घटक ४ : शके, सन आणि मृग – जुन्नर-आंबेगाव परिसरातील कालगणनेची भाषा

४.१ प्रास्ताविक

मागील घटकात आपण स्थलनामांचा भाषावैज्ञानिक विचार केला. या घटकात काळाच्या नावांकडे वळावयाचे आहे. शके, सन, संवत्सर, मिती, तारीख, मृग हे शब्द आपण लग्नपत्रिकेपासून सातबाऱ्यापर्यंत सर्वत्र वाचतो, परंतु त्यांच्याकडे भाषेचा पुरावा म्हणून क्वचितच पाहतो. घटकाचा अभ्यास पूर्ण झाल्यावर जुन्या मराठी कागदावरील कालनिर्देश तुम्हांला उलगडून वाचता यावा, आणि त्यातील प्रत्येक शब्द कोणत्या भाषेतून व कोणत्या काळात आला हे ओळखता यावे, अशी अपेक्षा आहे.

कल्पित जग उभे करणाऱ्या लेखकांना कालगणनेचे महत्त्व चांगले ठाऊक असते. ऑक्सफर्ड विद्यापीठात भाषाशास्त्राचे अध्यापन करणाऱ्या जे. आर. आर. टॉल्किन यांनी ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ (१९५४-५५) या कादंबरीच्या परिशिष्टात एक संपूर्ण कालगणना रचून दिली आहे. तिच्यात प्रत्येकी तीस दिवसांचे बारा महिने आहेत. उरलेले दिवस कोणत्याच महिन्यात मोडत नाहीत, आणि वर्षाच्या मध्यावरील एका दिवसाला तर वारच नाही. गणित अगदी सुबक आहे. मात्र ते वाचताना लक्षात राहतात ती महिन्यांची आणि दिवसांची नावे. ती जुन्या भाषेतून झिजत आल्यासारखी घडवलेली आहेत, आणि त्या झिजेमुळेच ते जग खरे वाटते.

कालगणना निर्माण करणे ही केवळ कादंबरीकाराची हौस नव्हे. राज्यकर्त्यांनी, पंडितांनी आणि समित्यांनीही ती निर्माण केली आहे. जुन्नर आणि आंबेगाव या दोन तालुक्यांच्या परिसरात सुमारे दोन हजार वर्षांत एकामागून एक अशा किमान पाच कालगणना वापरात आल्या. त्यांतील काही पूर्णपणे ‘ठरवून’ केलेल्या होत्या. कोणती टिकली, कोणती विरली आणि जी टिकली ती कोणत्या शब्दांच्या आधारे टिकली, हा या घटकाचा प्रश्न आहे.

४.२ नाणेघाटातील ‘सवछरे’

जुन्नरहून पश्चिमेकडे घाटघरमार्गे गेल्यावर नाणेघाट लागतो. कोकणातील बंदरांकडून देशावर येणारा हा प्राचीन व्यापारी मार्ग होय. येथील लेण्यातील सातवाहन राणी नागनिकेचा लेख यज्ञांच्या आणि दानांच्या वर्णनासाठी, तसेच त्यातील अंकांसाठी प्रसिद्ध आहे. भारतातील अंकलेखनाच्या अगदी आरंभीच्या नमुन्यांत त्याची गणना होते. आपल्या विषयाच्या दृष्टीने मात्र घाटातीलच दुसरा, आकाराने लहान लेख अधिक उपयोगी आहे. तो पाण्याच्या टाक्याच्या दानाचा असून वासिष्ठीपुत्र चतरपन सातकर्णी या राजाच्या कारकिर्दीत कोरलेला आहे. त्यात काळ सांगितला आहे तो असा : राजाचे तेरावे वर्ष, हेमंताचा पाचवा पक्ष, दहावा दिवस.

या कालनिर्देशात काय नाही, ते प्रथम पाहा. त्यात शक नाही. महिन्याचे नाव नाही. वारही नाही. वर्षाचे तीन ऋतू, ग्रीष्म, वर्षा आणि हेमंत, प्रत्येकाचे चार महिने आणि म्हणून आठ पक्ष, अशी ही व्यवस्था आहे. त्यामुळे ‘हेमंताचा पाचवा पक्ष’ म्हटले की थंडीचा निम्मा काळ सरून उत्तरार्ध सुरू झाला आहे, हे वाचणाऱ्याला तत्काळ समजत असे. वर्षाचा आकडा मात्र राजाच्या कारकिर्दीशी बांधलेला होता. नवा राजा आला की मोजणी पुन्हा एकापासून सुरू होई. लेख कोरला गेला तेव्हा यात कोणाला अडचण वाटली नसावी. आज मात्र हा तेरावा वर्षांक इसवी सनाच्या नेमक्या कोणत्या वर्षी पडतो, हे केवळ लेखावरून ठरवता येत नाही.

आता व्याकरणाकडे वळू. राजाचे नाव षष्ठी विभक्तीत आहे, म्हणजे ‘अमक्या राजाच्या’. आणि वर्ष व दिवस सप्तमीत आहेत : ‘सवछरे’, ‘दिवसे’. म्हणजे ‘संवत्सरात’, ‘दिवशी’. हा ‘-ए’ प्रत्यय लक्षात ठेवा. आजच्या लग्नपत्रिकेत आपण ‘शके’ असे छापतो, ‘शक’ असे नव्हे. ते ‘शके’ म्हणजे ‘शक’ या शब्दाची संस्कृत सप्तमीच आहे : ‘शकात’. मराठीने ही विभक्ती अन्यत्र कधीच टाकून दिली. कालनिर्देशाच्या ठरीव वाक्यात मात्र ती गोठून राहिली. पत्रिका छापणाऱ्याला ती विभक्ती असल्याचे ठाऊकही नसते. नाणेघाटातील ‘सवछरे’ आणि आजचे ‘शके’ यांच्यामध्ये राज्ये बदलली, लिपी बदलली, भाषा प्राकृतातून मराठीत आली, तरी वाक्याचा सांगाडा तोच आहे. याच पत्रिकेत पुढे ‘रोजी’ येते. ते फारसी ‘रोज’ या शब्दाला मराठी सप्तमीचा ‘ई’ लागून झालेले आहे. शब्द परका आला तरी त्याला बसावे लागले ते जुन्याच जागी.

४.३ ‘शक’ : शत्रूच्या नावाची गणना

जुन्नरच्या मानमोडी डोंगरातील लेण्यांत दुसरा एक कालनिर्देश आहे. महाक्षत्रप नहपान याचा वत्सगोत्री अमात्य अयम याने दिलेल्या दानाचा तो लेख असून त्यात ४६ हे वर्ष दिले आहे. कोणाचे वर्ष, हे मात्र लेख सांगत नाही. हा आकडा शककालाचा मानला तर इसवी सन १२४ हे वर्ष येते; तो अन्य गणनेचा मानणारेही अभ्यासक आहेत. वाद कसाही सुटो, नहपान हा शक क्षत्रप होता आणि गौतमीपुत्र सातकर्णीने त्याचा पराभव केला, याविषयी शंका नाही. नाशिक जिल्ह्यातील जोगळटेंभी येथे सापडलेल्या नहपानाच्या हजारो चांदीच्या नाण्यांवर गौतमीपुत्राने आपले ठसे पुन्हा मारलेले आहेत. शत्रूच्या नाण्यावर स्वतःचे नाव उमटवणे यापेक्षा विजयाची स्पष्ट घोषणा दुसरी कोणती असू शकेल?

कालगणनेत मात्र उलट घडले. इसवी सन ७८ पासून मोजली जाणारी गणना प्रथम ‘शक राजांचा काळ’ या अर्थी ओळखली जाई. बदामी येथील पहिल्या पुलकेशीच्या लेखात ४६५ वे शकवर्ष (इसवी सन ५४३) स्पष्ट नोंदवलेले आहे. पुढे ज्योतिषग्रंथांनी ही गणना स्वीकारली आणि राजकीय आठवण मागे पडली. ‘शालिवाहन’ हे नाव तिला फार उशिरा चिकटले. चौदाव्या शतकापासून विजयनगरच्या लेखांत ते मोठ्या प्रमाणावर आढळते. शालिवाहन म्हणजे सातवाहन. अशा रीतीने ‘शालिवाहन शक’ या एकाच पदात जेता आणि जित शेजारी येऊन बसले. आपण दरवर्षी गुढीपाडव्याला ज्या गणनेचे नवे वर्ष साजरे करतो, तिच्या नावाचा पूर्वार्ध पैठणचा आहे आणि उत्तरार्ध पैठणकरांनी ज्यांना हरवले त्यांचा.

ही विसंगती लोकमनाला जाणवली असावी, कारण तिची जुळणी करणारी कथा तयार झाली. कुंभाराघरी वाढलेल्या शालिवाहनाने मातीचे सैनिक घडवले, त्यांच्यात प्राण फुंकला आणि शत्रूचा पराभव केला. तेव्हापासून त्याचा शक सुरू झाला, असे ती सांगते. इतिहास म्हणून ही कथा टिकत नाही. परंतु शब्दाचा अर्थ हरवला की समाज त्याला नवा अर्थ कसा पुरवतो, याचे हे उत्तम उदाहरण आहे. भाषाविज्ञानात याला लोकव्युत्पत्तीच्या जवळची प्रक्रिया म्हणता येईल. फरक एवढाच की येथे शब्दाऐवजी अख्खा कालखंड उकलून दाखवला आहे.

‘शक’ या शब्दाचा अर्थविस्तार टप्प्याटप्प्याने झाला. प्रथम तो एका जमातीचे नाव होता. मग त्या जमातीच्या राजांची गणना. मग केवळ ‘ती’ गणना. आणि अखेरीस कोणतीही गणना. या शेवटच्या टप्प्यावरच ‘ख्रिस्ती शक’ असे म्हणता येते आणि नवी गणना सुरू करणाऱ्याला ‘शककर्ता’ हा गौरवाचा शब्द लागू पडतो. ज्यांच्या नावावरून शब्द आला ते लोक इतिहासात विरून गेले, नाव उरले. आंबेगाव तालुक्यातील विद्यार्थ्यांना याचे उदाहरण दूर शोधावे लागणार नाही. ज्या गावाच्या नावाने तालुका ओळखला जातो ते जुने आंबेगाव घोड नदीवरील डिंभे धरणाच्या जलाशयात गेले आहे. तालुक्याचा कारभार घोडेगावहून चालतो. तरी सर्व कागदांवर ‘तालुका आंबेगाव’ असेच लिहिले जाते.

४.४ राज्याभिषेक शक

ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शके १५९६, आनंदनाम संवत्सर. या तिथीला, म्हणजे ६ जून १६७४ रोजी रायगडावर शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक झाला आणि त्याच दिवसापासून नवी गणना सुरू करण्यात आली. तिला राज्याभिषेक शक किंवा राजशक म्हणतात. मराठी प्रदेशात जाणीवपूर्वक, एका निश्चित दिवशी, एका निश्चित हेतूने निर्माण केलेली ही कालगणना असल्यामुळे तिचा विचार थोडा विस्ताराने करणे योग्य ठरेल.

हेतू उघड आहे. सभोवतालच्या सर्व सत्तांचे कागद हिजरीशी नाते सांगणाऱ्या सनांत लिहिले जात. स्वतंत्र छत्रपतीचे वर्ष दुसऱ्याच्या सनात मोजणे म्हणजे त्याचे श्रेष्ठत्व मान्य करणे होय. राज्यव्यवहारकोशात फारसी शब्दांना संस्कृत पर्याय देण्याचा जो प्रयत्न दिसतो, त्याच्याशी हा निर्णय सुसंगत आहे. कारभारातील शब्द आणि कारभाराचे वर्ष, दोन्ही आपले असावेत, अशी ही भूमिका होती.

आता या निर्मितीत नवे काय होते, ते काटेकोरपणे पाहू. वर्षाचा आकडा नवा होता आणि वर्ष बदलण्याचा दिवस नवा होता. राजशकाचे वर्ष चैत्रात बदलत नाही. ते ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीला बदलते. बाकी सारे जुनेच राहिले. साठ संवत्सरांचे चक्र तेच, महिने तेच, पक्ष, तिथी आणि वार तेच. ‘राज्याभिषेक शके’ या शब्दांतील सप्तमीसुद्धा तीच. माझ्या मते यातच या योजनेचे शहाणपण होते. सणवार, लग्नमुहूर्त, वारी आणि बाजार यांपैकी कशालाही हात न लावता सत्तेने फक्त आपल्या वाक्याचा पहिला शब्द बदलला.

रूपांतर करताना वर्ष बदलण्याच्या दिवसाचे भान ठेवावे लागते. राजशकाच्या आकड्यात १६७३ मिळवले असता ते वर्ष इसवी सनाच्या ज्या वर्षी सुरू झाले ते मिळते. उदाहरणार्थ, राजशक २८ हे ज्येष्ठात, इसवी सन १७०१ मध्ये सुरू होऊन १७०२ च्या ज्येष्ठात संपते. शालिवाहन शक हवा असल्यास ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीपासून फाल्गुनअखेरपर्यंत १५९५ आणि चैत्रारंभापासून ज्येष्ठ शुद्ध द्वादशीपर्यंत १५९६ मिळवावेत. हा दुहेरी हिशेब विसरल्यामुळे चैत्र-वैशाखातील कागद एका वर्षाने मागे जातात.

एक गोष्ट जुन्नरच्या विद्यार्थ्याने विशेष ध्यानात घ्यावी. ज्या शिवनेरीवर या शककर्त्याचा जन्म झाला, तो किल्ला त्यांच्या हयातीत स्वराज्यात आला नाही. म्हणजे १६७४ मध्ये रायगडावर नवे वर्ष सुरू झाले तेव्हा शिवनेरीच्या पायथ्याशी मोगलांचाच अंमल होता आणि तेथील सरकारी दप्तर मोगली पद्धतीने चालले होते. कालगणनेला सीमा असतात. त्या नकाशावर काढता येत नाहीत. कागदाच्या पहिल्या ओळीत त्या दिसतात.

छत्रपतींच्या पत्रांत आणि सनदांत राजशक पुढे दीर्घकाळ वापरला गेला. परंतु शुद्ध हेतूने निर्माण झालेल्या या गणनेने जुन्या सनाला दप्तरातून हद्दपार केले नाही. पेशवाईतील हजारो कागद अरबी आकडे मिरवत राहिले. त्यांच्याकडे वळू.

४.५ शुहूर सन : अरबी आकडे, मराठी पाऊस

शुहूर सन हिजरी सनातून निघाला. चौदाव्या शतकात, इसवी सन १३४४ च्या सुमारास दख्खनमध्ये तो सुरू झाला असे मानतात. ‘शुहूर’ हे ‘महिना’ या अर्थाच्या अरबी शब्दाचे अनेकवचन आहे. हिजरी वर्ष चांद्र असल्याने ते ऋतूंच्या मागे सरकत जाते. शेतसारा तर पीक हाती आल्यावरच मागता येतो. म्हणून हिजरीचा आकडा घेऊन पुढे वर्ष मात्र सौर मोजायचे, अशी ही तडजोड होती. सूर्य मृग नक्षत्रात गेला की शुहूर सन बदलतो. म्हणूनच त्याला ‘मृगसाल’ असेही म्हणत.

शुहूर सनाचा आकडा अंकांत न लिहिता अरबी संख्यावाचकांत लिहीत. एकम आकड्यांसाठी इहिदे, इसन्ने, सलास, अर्बा, खमस, सित्त, सबा, समान, तिसा हे शब्द, दहासाठी अशर, आणि पुढे अशरीन (२०), सलासीन (३०), अर्बैन (४०), खमसैन (५०), सितैन (६०), सबैन (७०), समानीन (८०), तिसैन (९०). शंभराला मया, दोनशेला मयातैन, हजाराला अलफ. लेखकागणिक वर्णलेखनात थोडा फरक पडतो, त्याने गोंधळून जाऊ नये.

एक उदाहरण सोडवू. ‘इहिदे सितैन मया व अलफ’ म्हणजे १ + ६० + १०० + १००० = ११६१. यात ५९९ मिळवले असता १७६० मिळते. म्हणजे हे साल १७६० च्या मृगापासून १७६१ च्या मृगापर्यंत चालले. १४ जानेवारी १७६१ रोजी, पौष शुद्ध अष्टमी शके १६८२ या तिथीला झालेले पानिपतचे युद्ध याच सालात पडते. जानेवारी ते मृग या काळातील कागदासाठी ५९९ ऐवजी ६०० मिळवावेत, हे यावरून स्पष्ट होईल.

अरबीचा गंध नसलेल्या कुलकर्ण्याने हे आकडे पिढ्यान्पिढ्या बिनचूक कसे लिहिले असतील? सवय हे एक उत्तर आहेच. पण भाषेची रचनाही साहाय्यक ठरली असावी. ‘इहिदे सितैन’ मध्ये एकम आधी आणि दशक नंतर येतो. मराठीत ‘एकसष्ट’ मध्येही तेच घडते. आपण ‘साठएक’ म्हणत नाही. दोन आकडी संख्येपर्यंत अरबीचा आणि मराठीचा क्रम एकच असल्यामुळे शब्द परके असले तरी विचाराची वाट ओळखीची होती. शतकापासून मात्र वाटा फुटतात : आपण ‘अकराशे एकसष्ट’ म्हणतो, तर शुहूर सन ‘एक, साठ, शंभर आणि हजार’ असे चढत जातो. त्यातील ‘व’ हे उभयान्वयी अव्ययही अरबी-फारसीचेच आहे. ते आज मराठीत इतके मुरले आहे की शालेय व्याकरणाच्या पुस्तकात ते निःशंकपणे ‘आणि’च्या शेजारी बसते.

या सनात एक मोठी गंमत आहे. वर्ष सूर्याच्या मृगप्रवेशाने बदलते, आणि तारखा मात्र पुष्कळदा मुसलमानी चांद्र महिन्यांच्या दिलेल्या असतात. त्यांच्यापूर्वी ‘चंद्र’ या अर्थी ‘छ’ हे अक्षर असते. शिवाय कधी त्याच कागदावर मराठी मितीही असते. सूर्य, चंद्र, अरबी अंक आणि मराठी क्रियापद एकाच ओळीत नांदतात. कोणत्याही कादंबरीकाराने अशी कालगणना रचली असती, तर समीक्षकांनी ती अविश्वसनीय ठरवली असती.

राजशक असताना शुहूर सन का टिकला? मला याचे कारण गावच्या हिशेबात दिसते. वसुलीचे, पेरणीचे आणि गहाणखताचे वर्ष एकच असणे सोयीचे असते. राजशकाचा आरंभ तिथीवर असल्याने तो अधिक महिन्यानुसार पुढेमागे होई. मृग मात्र पावसाच्या तोंडाशीच येई. अरबी आकड्याने मराठी पावसाशी सोयरीक केली होती, आणि ही सोयरीक मोडणे राजाज्ञेलाही जड गेले.

४.६ मृग, तरणा, म्हातारा

दप्तरे बदलली, शुहूर सन इंग्रजी अमलात मावळला. मृग मात्र राहिला. जुन्नर आणि आंबेगावच्या पश्चिमेकडील डोंगरपट्ट्यात, भीमाशंकरच्या आसपास, महादेव कोळी समाजाची भातशेती आजही नक्षत्रांच्या नावांनी बोलली जाते. सूर्य एका नक्षत्रात साधारण तेरा-चौदा दिवस असतो. मृग ७ किंवा ८ जूनला लागतो, त्यामागून आर्द्रा, पुनर्वसू, पुष्य, आश्लेषा, मघा, पूर्वा, उत्तरा, हस्त, चित्रा आणि ऑक्टोबरअखेरीस स्वाती. पंचांगातील हे संस्कृत शब्द बोलीत आल्यावर माणसाळले. पुनर्वसूचा पाऊस ‘तरणा’ झाला, पुष्याचा ‘म्हातारा’ झाला. हस्ताचा ‘हत्ती’ झाला. येथे ध्वनिसादृश्याने हाताची सोंड झाली. प्रत्येक नक्षत्राला पंचांग कोल्हा, बेडूक, मोर, म्हैस, गाढव, उंदीर अशा नऊ वाहनांपैकी एक देते आणि त्यावरून पावसाचा अंदाज बांधला जातो. तो कितपत खरा ठरतो हा हवामानशास्त्राचा विषय. आपल्यासाठी महत्त्वाचे हे की या गणनेत आकडाच नाही. ‘तरण्यात लावणी झाली’ या वाक्यात वर्षही नाही आणि तारीखही नाही, तरी ऐकणाऱ्याला सर्व समजते. नाणेघाटातील ‘हेमंताचा पाचवा पक्ष’ यापेक्षा वेगळे काय सांगत होता?

ही गणना स्थिर आहे असे मात्र समजू नये. नक्षत्रांचे वर्ष इंग्रजी वर्षापेक्षा काही मिनिटांनी मोठे असल्याने साठ-सत्तर वर्षांत मृग एका दिवसाने पुढे सरकतो. शिवकाळात तो आजच्या इंग्रजी गणनेने चार-पाच दिवस आधी लागत असे.

या पार्श्वभूमीवर भारतीय राष्ट्रीय दिनदर्शिकेचा विचार उद्बोधक ठरतो. मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखालील समितीच्या शिफारशीनुसार २२ मार्च १९५७ हा दिवस १ चैत्र १८७९ मानून ती लागू झाली. शास्त्रीय दृष्ट्या ती निर्दोष म्हणावी अशीच आहे. ती राजपत्रावर छापली जाते. परंतु तिच्यानुसार कोणी उपास केला, लग्न लावले किंवा भात पेरला, असे दिसत नाही. समितीने नव्या सौर महिन्यांना जुन्याच चांद्र महिन्यांची नावे दिली, हे त्याचे एक भाषिक कारण मला वाटते. सौर श्रावण दरवर्षी २३ जुलैला सुरू होतो. ओतूरच्या कपर्दिकेश्वराची श्रावणी सोमवारची यात्रा मात्र चांद्र श्रावणात भरते. एकच शब्द दोन वेगळ्या काळांना लावला की ज्याच्यामागे यात्रा आहे तो अर्थ जिंकतो. फ्रेंच राज्यक्रांतीने याच्या उलट मार्ग धरला होता. १७९३ मध्ये तिने महिन्यांना पूर्णतः नवी, ऋतूंवरून घडवलेली, कविकृत नावे दिली आणि आठवडा दहा दिवसांचा केला. ती गणना १८०६ च्या आरंभी रद्द झाली. आठवड्याला हात लावणे सर्वांत अवघड असते. आपला ‘आठवडा’ सात दिवसांचा असूनही आठाचे नाव मिरवतो, कारण या बाजारापासून त्या बाजारापर्यंत दोन्ही टोकांचे दिवस धरून मोजण्याची जुनी रीत त्या शब्दात आहे.

४.७ वाचनाचा नमुना : शिवजन्माची तिथी

आतापर्यंतच्या विवेचनाचा उपयोग एका प्रत्यक्ष प्रश्नावर करून पाहू. शिवाजी महाराजांच्या जन्माविषयी दोन तिथी प्रचलित होत्या : वैशाख शुद्ध द्वितीया शके १५४९ आणि फाल्गुन वद्य तृतीया शके १५५१. पहिली बखरींच्या परंपरेतून आलेली, दुसरी मुख्यतः जेधे शकावलीतील. ही शकावली लोकमान्य टिळकांनी १९१६ मध्ये प्रकाशात आणली. परमानंदाच्या शिवभारतातही १५५१ हेच शकवर्ष मिळते, आणि आज ही दुसरी तिथी सामान्यतः ग्राह्य धरली जाते.

तिथी तपासण्याची पद्धत पाहा. शकावली केवळ आकडा देत नाही. ती शुक्ल संवत्सर आणि शुक्रवारही देते. शकवर्षात १२ मिळवून ६० ने भागले असता उरणारी बाकी संवत्सराचा क्रमांक सांगते. १५५१ + १२ = १५६३; बाकी ३. प्रभव, विभव, शुक्ल : तिसरे संवत्सर शुक्लच. आकडा आणि नाव जुळले. याच रीतीने १५९६ साठी बाकी ४८ येते आणि अठ्ठेचाळिसावे संवत्सर आनंद आहे. फाल्गुन वद्य तृतीयेला शुक्रवार येतो काय, हे गणिताने पाहिले असता तोही जुळतो. भाषाविज्ञानात संदेशातील अशा पुनरुक्तीला मोठे महत्त्व आहे. एक घटक पुसट झाला वा चुकला तरी दुसरा त्याला सावरतो. जुन्या लेखकाने संवत्सर, मास, पक्ष, तिथी आणि वार अशी लांबण का लावली, याचे उत्तर येथे आहे.

‘वद्य’ या शब्दाविषयी थोडे. शुक्ल पक्षासाठी ‘शुदि’ आणि कृष्ण पक्षासाठी ‘वदि’ ही मुळात लेखनातील संक्षिप्त रूपे होती. ‘वदि’ म्हणजे बहुल पक्षाचा दिवस. संक्षेपाचा उगम विस्मरणात गेल्यावर ‘वदि’ला संस्कृत वळण देऊन ‘वद्य’ हा शब्द घडला. मूळ संस्कृतात या अर्थाने तो नाही.

आता इसवी सन काढू. १५५१ मध्ये ७८ मिळवून १६२९ लिहिणे ही नेहमीची चूक आहे. फाल्गुन हा शकवर्षाचा अखेरचा महिना; तो येईपर्यंत इंग्रजी वर्ष बदललेले असते. म्हणून ७९ मिळवावेत : १६३०. तारीख येते १९ फेब्रुवारी. परंतु ही तारीख जुन्या, ज्युलियन पद्धतीची आहे. आज आपण वापरतो त्या ग्रेगोरियन पद्धतीने तोच शुक्रवार १ मार्च १६३० होतो. राज्याभिषेकाची ६ जून ही तारीखही याच न्यायाने १६ जून होते. शासकीय शिवजयंती १९ फेब्रुवारीला असते आणि तिथीनुसार उत्सव करणारे फाल्गुन वद्य तृतीयेला शिवनेरीवर जातात. ती तिथी बहुधा मार्चात पडते. या दोन उत्सवांमधील अंतरावरून दरवर्षी वाद झडतात. त्या वादात पडण्यापूर्वी ‘तिथीनुसार’ आणि ‘तारखेनुसार’ या दोन शब्दांचा अर्थ प्रत्येकाने स्वतःशी स्पष्ट करून घ्यावा. तिथी चंद्राची आहे. तारीख हा अरबी शब्द असून आज तो युरोपीय गणनेसाठी वापरला जातो. ‘दिनांक’ हा पर्याय सावरकरांच्या भाषाशुद्धीच्या चळवळीतून रूढ झाला असे मानतात. तो शासकीय कागदावर स्थिरावला. बोलताना मात्र आपण ‘आज तारीख किती?’ असेच विचारतो.

स्वाध्याय

१. ‘खमस सबैन मया व अलफ’ हे शुहूर साल इसवी सनाच्या कोणत्या दोन वर्षांत पडते ते काढा. त्या सालातील वैशाखातला कागद असल्यास किती मिळवाल?

२. राजशक ४० मधील चैत्र शुद्ध प्रतिपदेचा शालिवाहन शक काढा. त्या वर्षाचे संवत्सर चक्रातील कितवे येते?

३. तुमच्या घरातील वा नात्यातील एखादी जुनी लग्नपत्रिका, जन्मटिपण किंवा जमिनीचा कागद मिळवा. त्यातील कालनिर्देशाचे सर्व शब्द वेगळे करून प्रत्येकाची मूळ भाषा आणि विभक्ती लिहा. संवत्सर आणि वार दिले असल्यास ते आकड्याशी जुळतात काय, हे पंचांगाच्या साहाय्याने पडताळा. न जुळल्यास लेखनिकाची चूक नेमकी कोणत्या घटकात झाली असावी, याविषयी एक परिच्छेद लिहा.

४. तुमच्या गावातील वडीलधाऱ्या शेतकऱ्यांकडून पावसाच्या नक्षत्रांची बोलीतील नावे गोळा करा. एकाच नक्षत्राला शेजारच्या दोन गावांत वेगळी नावे आढळली, तर दोन्ही नोंदवा. कोणते ‘बरोबर’ हे ठरवू नका.